पुण्याच्या मनातला कोतवाल

दगडूशेठ हलवाई गणपतीचा उत्सव मंडप जिथे उभा राहतो, त्या जागेला पुणेकर आजही कोतवाल चावडी म्हणतात. तिथून अप्पा बळवंत चौकातली पुस्तकांची दुकानं हाकेच्या अंतरावर, आणि बुधवार पेठेतली वेश्यावस्तीही तेवढीच जवळ. जूनमध्ये वह्या-पुस्तकं घ्यायला आलेले आईवडील एका विशिष्ट गल्लीच्या तोंडाशी मुलाचा हात घट्ट धरतात आणि पावलं उचलतात. मुलगा काही विचारत नाही. विचारायचं नसतं, हे त्याला कुणी न सांगता कळलेलं असतं.

देव, विद्या, देहविक्रय आणि कोतवाल यांना शेजारी-शेजारी नांदवणारं हे शहर विजय तेंडुलकरांनी रंगमंचावर आणलं. 16 डिसेंबर 1972 रोजी भरत नाट्य मंदिरात ‘घाशीराम कोतवाल’चा पहिला प्रयोग झाला. संस्था प्रोग्रेसिव्ह ड्रॅमॅटिक असोसिएशन, दिग्दर्शन जब्बार पटेलांचं, संगीत भास्कर चंदावरकरांचं. त्या प्रयोगातली माणसांची भिंत ज्यांनी पाहिली ते तिच्याबद्दल अजून बोलतात. ओळीनं उभे ब्राह्मण भजनाच्या ठेक्यावर डुलतात, मध्येच पाठ फिरवतात आणि भिंत होतात. भिंतीआड जे चालायचं ते चालतं. मग तीच माणसं तोंड वळवून पुन्हा देवाचं नाव घेऊ लागतात. नवरा बावनखणीतल्या कलावंतिणीकडे, बायको घरी यारासोबत, आणि कीर्तन अखंड.

फ्रॉइडची सगळी पुस्तकं बाजूला ठेवली तरी दमन म्हणजे काय ते या भिंतीवरून समजतं. दडपलेली इच्छा नाहीशी होत नाही. तिच्यापुढे कुणीतरी पाठ करून उभं असतं, आणि त्या उभं राहण्यातच माणसाची बरीच ताकद खर्च होते. 1930 साली संस्कृती आणि माणसाची अस्वस्थता यांवर लिहिताना फ्रॉइडनं सदसद्विवेकाला जिंकलेल्या शहरात ठेवलेल्या शिबंदीची उपमा दिली. समाज माणसाला बाहेरून आवरत बसत नाही, तो त्याच्या आतच पहारा बसवतो. हा पहारेकरी स्वभावानं न्यायाधीश नसतो. त्याचा जाच सरळमार्गी माणसालाच अधिक होतो, हेही फ्रॉइडनं नोंदवून ठेवलं आहे.

तेंडुलकरांचा घाशीराम याच जातीचा पहारेकरी आहे. अपमानाचा सूड घ्यायला तो कोतवाली मागतो आणि तिची किंमत म्हणून पोटची पोर, ललितागौरी, पेशवाईचे कारभारी नाना फडणवीस यांच्या हवाली करतो. त्यानंतर रात्रीच्या पुण्यात त्याचे परवाने सुरू होतात. कोण कुणाकडे निघालं, कुणाच्या घरात कोण झोपलं, याची दारं ठोठावून झडती. ज्या वासनेच्या सौद्यावर अधिकार मिळाला, त्याच वासनेवर हा माणूस छड्या ओढतो. नीतीच्या रखवालदाराला बळ कुठून मिळतं, हा मनोविश्लेषणातला अवघड प्रश्न नाटकात असा हाडामांसाचा होऊन येतो. नानांची भूमिका करणारे मोहन आगाशे पेशानं मनोविकारतज्ज्ञ, हा योगायोग तर कादंबरीकारालाही सुचला नसता.

नाटक मोजक्याच प्रयोगांनंतर संस्थेच्या नेतृत्वानंच थांबवलं. ब्राह्मणांची आणि नाना फडणवीसांची बदनामी होते, हा आक्षेप. कलाकार बाहेर पडले, 1973 मध्ये थिएटर अकॅडमी उभी राहिली आणि नाटक पुन्हा सुरू झालं. इथे मनोविश्लेषकाला एक मोह होतो: ज्यांना राग आला त्यांच्या मर्मावर बोट पडलं, असं म्हणून मोकळं व्हायचा. ही पळवाट बरी नव्हे. प्रत्येक विरोधाला ‘प्रतिकार’ म्हटलं की वाद घालणाऱ्याला बोलायला जागाच उरत नाही. खऱ्या नानांनी मराठी राज्याचा गाडा वर्षानुवर्षं ओढला आणि एका अख्ख्या जातीला भिंत करणं जिव्हारी लागणारंच होतं. तरीही नाटक थांबवणं चूक होतं, कारण बंदीनं ती भिंत आणखी एका रांगेनं जाड केली.

या भिंतीमागे मरत कोण होतं, ते पुण्यात फ्रॉइडच्या आधी एका जोडप्यानं पाहिलं होतं. 1863 साली जोतीराव आणि सावित्रीबाई फुल्यांनी बालहत्या प्रतिबंधक गृह काढलं. तेव्हा फ्रॉइड सात वर्षांचा होता. उच्चवर्णीय घरातली तरुण विधवा. केस कापलेले, पुनर्विवाहाची वाट बंद, आणि दिवस गेले तर विहीर नाहीतर नवजाताचा गळा. पुरुषाचं नाव कुठेच नाही. फुल्यांनी निरोप दिला: इथे या, बाळंत व्हा, मूल ठेवा किंवा आमच्याकडे सोडा. 1874 मध्ये तिथे आलेल्या काशीबाईंचा मुलगा त्यांनी दत्तक घेतला, तो यशवंत. पुढे तो डॉक्टर झाला. नीतीचा ताळेबंद दुहेरी असतो, पुरुषाची उधारी स्त्रीच्या नावावर चढते, असं फ्रॉइड 1908 च्या निबंधात लिहू लागला, तेव्हा पुण्यातल्या या घराला चार दशकं उलटून गेली होती.

फुल्यांनंतर या भिंतीमागे पाहणारा माणूस म्हणजे रघुनाथ धोंडो कर्वे. वडिलांनी, महर्षी कर्व्यांनी, विधवांना शिकवलं. मुलानं शरीराबद्दलच बोलायला घेतलं. जुलै 1927 मध्ये त्यांनी मुंबईतून ‘समाजस्वास्थ्य’ काढलं. संततिनियमन, व्यभिचार, हस्तमैथुन, समलैंगिकता, काहीच त्यांनी टाळलं नाही. ‘व्यभिचाराचा प्रश्न’ या लेखाबद्दल 1931 मध्ये खटला झाला, त्यामागे पुण्यातले सनातनी होते. दंड शंभर रुपये. 1934 चा दुसरा खटला वाचकांच्या प्रश्नांना दिलेल्या उत्तरांवरून झाला. कर्व्यांच्या बाजूनं डॉ. आंबेडकर उभे राहिले. लोकांना शंका असतील तर उत्तर देणं हा गुन्हा कसा, असा त्यांच्या युक्तिवादाचा रोख होता. खटला हरले, दंड दोनशे.

कर्वे आणि फ्रॉइड यांची कुंडली मात्र जुळत नाही. कर्वे गणिताचे प्राध्यापक. माहिती मिळाली की अपराधी भावना वजा होईल, असा त्यांचा हिशेब. फ्रॉइडच्या मते सगळं कळलेला माणूसही रात्री आतल्या कोतवालाला घाबरून जागा राहतो, आणि समाज म्हणून जगायचं तर ही किंमत पूर्ण चुकवता येत नाही. पुण्याचं वर्णन करायला फ्रॉइड सरस ठरतो. पण वही उघडून प्रश्न विचारणाऱ्या एकोणीस वर्षांच्या पोराला किंवा पोरीला कर्वेच हवेत. मनाच्या तळाशी काय आहे ते नंतर पाहता येईल. स्वप्नदोषानं कुणी झिजून मरत नाही, हे आज संध्याकाळी कळलं तर निदान झोप लागेल.

‘समाजस्वास्थ्य’ सव्वीस वर्षं चाललं. ऑक्टोबर 1953 मध्ये कर्वे गेले आणि पुढच्या महिन्यात मासिकही संपलं. त्यांच्यावर अमोल पालेकरांनी चित्रपट काढला, अतुल पेठेंनी नाटक बसवलं, टाळ्या पडल्या. दरम्यान 2007 साली महाराष्ट्र सरकारनं शाळांमधला लैंगिक शिक्षणाचा कार्यक्रम संस्कृतीच्या नावाखाली थांबवला. ज्या विषयावर आंबेडकरांनी न्यायालयात उभं राहून वकिली केली, त्यावर वर्गात तोंड उघडायला अजूनही बहुतेक शिक्षक कचरतात.