लाइनीची दोन टोकं

विदर्भात वीज जात नाही, लाइन जाते. पुण्या-मुंबईकडची माणसं ‘लाइट गेले’ म्हणतात. आमच्या मूर्तिजापुरात अंधार पडला की गल्लीभर एकच हाक उठायची, ‘लाइन गेली!’ आणि ती परतली की पोरं तेवढ्याच जोरानं ओरडायची, ‘आली!’

माझे बाबा वीज मंडळात लाइनमन होते, त्यामुळे हा इंग्रजी शब्द मला अंकलिपीच्या आधीच भेटला. वादळात तार तुटली की अपरात्री कोणीतरी दाराशी उभं राही, ‘भाऊ, लाइन गेली.’ बाबा पक्कड, हातमोजे, बॅटरी घेऊन निघत. पण सबस्टेशनवरून लाइन बंद केल्याचा निरोप मिळाल्याशिवाय ते खांबाला हात लावत नसत. न दिसणाऱ्या एका माणसाच्या शब्दावर त्यांचा जीव अवलंबून असे. शेतकऱ्याची लाइन आणखी वेगळी. पंपाला थ्री फेज पुरवठा पाळीपाळीनं मिळतो. ‘या आठवड्यात लाइन रातची हाय’ म्हटलं की घरातल्या कर्त्या माणसानं थंडीत, साप-विंचवाच्या वाटेनं हरभऱ्याला पाणी द्यायला जायचं, एवढं त्या वाक्यात येतं.

रेल्वेगाव असल्यामुळे शब्दाची दुसरी बाजू स्टेशनवर कळली. एकेरी मार्गावर दोन गाड्या समोरासमोर येऊ नयेत म्हणून स्टेशनमास्तर पुढच्या स्टेशनला विचारतो. जुन्या पद्धतीत तिथून होकार आला की यंत्रातून धातूचा गोळा बाहेर पडे. तो गोळा हाती आल्याशिवाय ड्रायव्हरला गाडी पुढे नेता येत नसे. या होकाराचं नाव ‘लाइन क्लिअर’. तेच दोन शब्द रुळांवरून उतरून थेट गप्पांत आले. मोठी माणसं घराबाहेर गेली, लाइन क्लिअर. साहेबांनी फाइलवर सही केली, लाइन क्लिअर. लग्नाला मुलीकडून होकार आला, तरी लाइन क्लिअर.

अमरावतीला कॉलेजात गेल्यावर ‘लाइन मारणं’ कानावर पडलं आणि त्याच्या जोडीचं ‘लाइन देणं’ही. मारणं एकट्याचं काम. देणं सर्वस्वी समोरच्याच्या मर्जीचं. पलीकडून काही येत नसताना कोणी मारतच राहिला, तर तो त्रास असतो, त्याला प्रेम म्हणू नये. हा फरक भाषेनं दोन क्रियापदांत स्वच्छ करून ठेवला आहे. पोरांनी तो ऐकायला हवा.

त्याच वयात नातेवाइकांचा प्रश्न सुरू झाला, ‘पोरगा कोणत्या लाइनला आहे?’ इथे लाइन म्हणजे धंदा, शिक्षण, पुढचं आयुष्य. मामा बाबांना म्हणायचे, ‘याला एकदा लाइनीला लावून द्या.’ लाइनीला लागणं म्हणजे मार्गी लागणं. वाईट लाइनीला लागणं म्हणजे हातचा जाणं.

मी नोकरीला मुंबईत आलो. १६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदर ते ठाणे पहिली प्रवासी गाडी धावली, त्या शहरात माणसाचा पत्ताही लाइनीनंच सांगतात : वेस्टर्न, सेंट्रल, हार्बर. मरीन लाइन्स स्टेशनचं नाव मात्र रुळांवरून आलेलं नाही. तिथे मरीन बटालियनची लष्करी वस्ती होती, बराकींच्या ओळी. पोलीस लाइन आणि नागपूरचं सिव्हिल लाइन्स त्याच घराण्यातले. फोनचीही लाइन असे. रात्री अकरानंतर एसटीडीचे, म्हणजे परगावच्या फोनचे, दर उतरायचे, तेव्हा बूथपुढे आम्ही लाइनीत उभे राहायचो ते घरची लाइन लागावी म्हणून. एका वाक्यात तोच शब्द दोनदा, आणि दोन्ही वेळा जिवाभावाचा.

मराठीत ओळ होती, रेघ होती, रांग होती, दोरी होती. तरी हा शब्द रुजला, कारण रूळ आणि तारा आपल्याकडे त्याला घेऊन आल्या. रेघेला पलीकडे कोणी लागत नाही, लाइनीला लागतं. सबस्टेशनवरचा माणूस, पुढचा स्टेशनमास्तर, फोनवरची आई, नजर परत देणारी ती. दुसऱ्या टोकाकडून काही यायची वाट पाहणं, हा मराठी ‘लाइन’चा खरा अर्थ आहे असं मला वाटतं. इंग्रजीत नटाचं वाक्य, कवितेची ओळ, खलाशांचं विषुववृत्त, वंशाची परंपराही लाइनच. ते अर्थ आपल्या बोलण्यात फारसे उतरले नाहीत. आपण आपल्या गरजेचे उचलले.

मूळ शोधलं तेव्हा मला फार आनंद झाला. ‘लाइन’च्या मागे लॅटिन ‘लिनेआ’ आहे, म्हणजे लिननचा धागा. आणि त्याच्या मागे ‘लिनम’, म्हणजे जवस. तिकडे जवसाच्या ताटाचा धागा काढून दोर वळले, कापड विणलं. विदर्भात आपण बी ठेवलं. त्याचं तेल काढलं, चटणी कुटली. आईनं जवसाची चटणी डब्यात भरून दिली होती, तेव्हा त्या शब्दाचं कूळ माझ्या पानातच होतं.

म्हणून उसन्या शब्दांनी मराठी बाटते, हे मला पटत नाही. खांबावर चढणाऱ्यांनी, रात्री पाणी देणाऱ्यांनी, बूथपुढे ताटकळणाऱ्यांनी जो शब्द वापरून झिजवला, तो त्यांचा झाला. शब्दकोशानं त्याचे हे सगळे अर्थ मानानं नोंदवावेत. ते या माणसांनी कमावलेले आहेत.