धावपट्टीच्या अलीकडे

नेवाळीची धावपट्टी दुसऱ्या महायुद्धातली. ब्रिटिशांनी आसपासच्या गावांतल्या शेतकऱ्यांच्या जमिनी घेऊन ती बांधली. युद्ध संपलं, विमानं गेली, जमिनीचा प्रश्न तेवढा मागे राहिला. बदलापूर-काटई रस्त्यावरून जाताना मलंगगडाच्या बाजूला पसरलेला तो माळ नुसता माळच वाटतो. २२ जून २०१७ला मात्र नेवाळी अख्ख्या महाराष्ट्राला कळलं. नौदलानं त्या जागेला कुंपण घालायला घेतलं आणि शेतकरी रस्त्यावर उतरले. गाड्या जळाल्या, माणसं जखमी झाली. आजोबा-पणजोबांनी कसलेली जमीन नातवंडं परत मागत होती.

बदलापूरच्या शिरगावात राहणाऱ्या माझ्यासारख्या माणसाला युद्ध भेटतं ते असं, जमिनीच्या बाजूनं. पलीकडचं उल्हासनगर तर लष्करी छावणीतूनच जन्मलं. सैनिकांनी रिकाम्या केलेल्या कल्याण कॅम्पच्या बराकींत फाळणीनं उखडलेली सिंधी कुटुंबं येऊन राहिली आणि ८ ऑगस्ट १९४९ला त्या वस्तीला उल्हासनगर हे नाव मिळालं. पत्ता सांगताना लोक अजून 'कॅम्प नंबर तीन', 'कॅम्प नंबर चार' असंच सांगतात. अलीकडे अंबरनाथला ऑर्डनन्स फॅक्टरी. तिथं नोकरी करून ज्यांनी मुलांची शिक्षणं केली, अशी कितीतरी घरं आमच्या भागात आहेत. आकाशातली लढाई इथून कुणी पाहिली नाही. तिच्यासाठी जमिनीवर काय काय लागतं, ते मात्र इथं पिढ्यान्‌पिढ्या माहीत आहे.

लढाऊ वैमानिकांची पुस्तकं मी वेड्यासारखी वाचत आलो, ती याच गावात बसून. सुरुवात वि. स. वाळिंब्यांच्या 'वॉर्सा ते हिरोशिमा'पासून झाली. पुढे बदलापुरात श्याम जोशींनी उभं केलेलं 'ग्रंथसखा' होतं, मुंबईचे फूटपाथ होते, आणि लोकलमध्ये खिडकी मिळाली तर वाचायला हवा तेवढा वेळ होता. शाळकरी वयात या पुस्तकांतली उड्डाणं वाचायचो. कोण किती उंचीवर होता, कुणाच्या मागे कोण लागला, किती गोळ्या उरल्या होत्या. वय वाढलं तशी ती पानं भराभर उलटली जाऊ लागली आणि नजर भलत्याच ठिकाणी थांबू लागली.

उदाहरणार्थ रिचर्ड हिलरी. ब्रिटनच्या आकाशातल्या १९४०च्या लढाईत त्याचं विमान पेटलं, चेहरा आणि हात भाजले. त्याच्या 'द लास्ट एनिमी'त विमानांच्या झुंजी आहेतच, पण ते पुस्तक मनात राहतं ते इस्पितळामुळे. शस्त्रक्रियेमागून शस्त्रक्रिया, नव्यानं लावलेल्या पापण्या, आणि समोरच्या माणसानं आपल्याकडे पाहून चुकवलेली नजर. १९४२ साली पुस्तक आलं. हिलरी हट्टानं पुन्हा उडायला गेला आणि १९४३च्या जानेवारीत रात्रीच्या सरावात मारला गेला. तेव्हा तो पुरता चोवीस वर्षांचाही नव्हता.

माझं मत आता पक्कं झालं आहे. आकाशातलं शौर्य काही मिनिटांचं असतं. त्या मिनिटांत शिक्षण, सवय, रक्ताचा वेग, सगळं माणसाच्या मदतीला धावतं. जमिनीवर आल्यावर यातलं काही हाताशी नसतं. तिथं दिवस मोजावे लागतात. वैमानिकांच्या पुस्तकांतली खरी धैर्याची पानं मला तिथंच सापडली, आणि सगळ्यांत जास्त सापडली ती एका मराठी माणसाच्या गोष्टीत.

दिलीप परुळकर. १९६५च्या युद्धात जमिनीवरून आलेल्या गोळीनं त्यांचा खांदा जखमी केला, तरी त्यांनी विमान परत आणलं आणि वायुसेना पदक मिळवलं. १० डिसेंबर १९७१ला त्यांचं सुखोई-७ पाकिस्तानच्या हद्दीत पडलं आणि फ्लाइट लेफ्टनंट परुळकर युद्धकैदी झाले. युद्ध पंधरवड्यात संपलं. कैद संपेना. रावळपिंडीच्या छावणीत हवाई दलाचे आणखी काही भारतीय वैमानिक होते. त्यांतले मलविंदरसिंग ग्रेवाल आणि हरीश सिंहजी परुळकरांना सामील झाले आणि तिघांनी कोठडीची भिंत फोडायला घेतली.

हे फोडणं म्हणजे काय, ते जवळून पाहण्यासारखं आहे. हाताशी सुरी-काट्यासारखी फुटकळ हत्यारं. रात्री एकानं खिडकीशी उभं राहून पहारेकऱ्यावर डोळा ठेवायचा, दुसऱ्यानं विटेभोवतीचा चुना खरवडायचा. आवाज झाला की थांबायचं. वीट सुटली की काढायची आणि पहाटेच्या आत जागच्या जागी बसवायची, म्हणजे दिवसा भिंत अखंड दिसली पाहिजे. निघालेला चुरा खोलीतच दडवायचा. वैमानिकाचा जी-सूट म्हणजे वेगानं वळताना पाय आणि पोट आवळून धरणारा पोशाख. त्याच्या आतल्या हवेच्या पिशव्या काढून पाण्याच्या केल्या. सुईला चुंबकत्व देऊन होकायंत्र केलं. शेवटी बाहेरच्या गिलाव्याचा पापुद्रा तेवढा ठेवला.

१२ ऑगस्ट १९७२च्या रात्री वादळ आलं. पाकिस्तानचा स्वातंत्र्यदिन दोन दिवसांवर होता. तिघं भिंतीतून निघाले, आवाराबाहेर पडले, आणि बाहेर रस्त्यावर सिनेमाचा शेवटचा खेळ सुटून माणसं घरी निघाली होती, त्या गर्दीत मिसळले. बसनं पेशावर, तिथून जमरूद, तिथून लंडी कोटल. अफगाण सरहद्द आता चालत जाण्याच्या अंतरावर होती. हाताशी जो नकाशा होता त्यावर पुढचं स्टेशन होतं लंडी खाना. त्यांनी तिथल्या माणसांना लंडी खान्याची वाट विचारली. आणि तिथंच सगळं फिसकटलं, कारण लंडी खान्याचं स्टेशन १९३२ सालीच बंद झालं होतं. चाळीस वर्षं जिथं गाडी जात नाही ते स्टेशन विचारणारे हे कोण, म्हणून लोकांना संशय आला आणि तिघांना तहसीलदारापुढे उभं केलं.

कॅनडाच्या लेखिका फेथ जॉन्स्टन यांनी २०१३ साली 'फोर माइल्स टू फ्रीडम' या पुस्तकात ही हकीकत लिहिली. त्यातलं पुढचं पान मी पुन्हा पुन्हा काढतो. तहसीलदाराच्या कचेरीत तिघांच्या जिवाची शाश्वती नव्हती. परुळकरांनी गळ घातली की पाकिस्तानी हवाई दलप्रमुखांचे एडीसी उस्मान हमीद यांना फोन करा. उस्मान हे पूर्वी त्यांच्या छावणीचे प्रमुख होते, कैद्यांशी माणुसकीनं वागलेले. फोनवर त्यांच्या क्षणात लक्षात आलं. ही आमचीच माणसं आहेत, त्यांना धक्का लागता कामा नये, असं त्यांनी तहसीलदाराला बजावलं. शत्रूच्या गणवेशातल्या माणसानं एका फोनवर तीन जीव राखले. युद्धकथा सांगणाऱ्यांनी हा फोन कधी गाळू नये असं मला मनापासून वाटतं.

आणि मागे छावणीत राहिलेल्यांचं काय? तिघं निसटल्याचा राग त्यांच्यावर निघणार, हे त्यांना माहीत होतं. तरी एकानंही तोंड उघडलं नाही. त्यांच्यातल्या धीरेंद्र जफांनी 'डेथ वॉझन्ट पेनफुल' हे पुस्तक पुढे लिहिलं. पळून गेलेल्यांइतकंच धैर्य पळून न गेलेल्यांत होतं, हे दोन्ही पुस्तकं शेजारी ठेवल्यावर समजतं. डिसेंबर १९७२च्या पहिल्या तारखेला सगळे वाघ्याच्या सरहद्दीवरून भारतात परतले. परुळकर ग्रुप कॅप्टन होऊन निवृत्त झाले आणि २०२५च्या ऑगस्टमध्ये गेले.

जे परतले, ते आपल्या घरच्यांना मिळाले. विजय वसंत तांबे परतले नाहीत. ५ डिसेंबर १९७१ला या फ्लाइट लेफ्टनंटचं सुखोई शोरकोट रोडच्या हल्ल्यात पडलं. पत्नी दमयंती बॅडमिंटनमधल्या राष्ट्रीय विजेत्या, अर्जुन पुरस्कार मिळालेल्या. लग्नाला पुरती दोन वर्षंही झाली नव्हती. पाकिस्तानातल्या एका वृत्तपत्रात पकडलेल्या भारतीय वैमानिकांची नावं छापून आली, त्यात तांब्यांच्या नावाशी जुळणारं एक नाव होतं. तेवढ्या एका ओळीवर दमयंतींचं पुढचं आयुष्य टांगून राहिलं. त्यांनी दिल्लीत नोकरी केली, मंत्र्यांची दारं झिजवली, युद्धात बेपत्ता झालेल्या चोपन्न जणांच्या घरच्यांबरोबर पाठपुरावा केला. २००७ साली नातेवाइकांना पाकिस्तानातले तुरुंग पाहू दिले तेव्हाही हाती काही लागलं नाही. चंदर सुता डोगरा यांचं 'मिसिंग इन ॲक्शन' २०१९ साली आलं. त्यात या सगळ्या घरांचा शोध आहे. ते झुंजींचं पुस्तक नाही, तरी माझ्या कपाटात ते वैमानिकांच्या पुस्तकांतच आहे. पन्नास वर्षं पत्रं लिहीत राहणं हे परमवीरचक्राच्या मानपत्रात बसत नाही. पण ते शौर्य नाही असं कुणी म्हणालं तर मी त्याच्याशी भांडेन.

आमच्याच सोसायटीत हवाई दलातून निवृत्त झालेले एक काका आहेत, इंजिन फिटर. लोक त्यांना हटकून विचारतात, "विमान चालवलंत का?" काका शांतपणे नाही म्हणतात. मी त्यांच्याकडे बसायला लागलो तेव्हा त्यांनी मला फॉर्म ७०० समजावून सांगितला. प्रत्येक विमानाचा हा दप्तर-कागद असतो. विमानावर झालेलं प्रत्येक काम, बदललेला प्रत्येक भाग त्यात नोंदवायचा आणि ज्यानं काम केलं त्यानं खाली सही करायची. उड्डाणाआधी वैमानिक तो पाहतो आणि विमान ताब्यात घेतल्याची सही करतो. "त्याची सही होईपर्यंत विमान आमचं," काका म्हणाले. "आणि तो परत येईपर्यंत जीव आमचा टांगलेला." विमान दिसेनासं झालं तरी ते लोक धावपट्टीकडे पाठ करत नसत. परतायची वेळ टळली तर कुणी कुणाशी बोलत नसे.

मला वाचायचं आहे ते पुस्तक हे. फिटरचं, त्याच्या हातांचं, त्या न बोलण्याचं. नेवाळीच्या माळावर खडी फोडणारी माणसं कुठल्या गावची होती, त्यांना मजुरी काय मिळायची, आपल्याच शेतावर धावपट्टी होताना त्यांनी काय पाहिलं, हेही त्यात हवं. ज्यांनी हे आजीच्या तोंडून ऐकलं अशी माणसं या गावांत अजून भेटतील, पण फार वर्षं भेटणार नाहीत. मी वही घेऊन जायला सुरुवात करणार आहे, आणि काका बरोबर येतो म्हणाले आहेत.

त्यांनी एक अट घातली आहे. फॉर्म ७००बद्दल लिहाल तेव्हा वैमानिकाची सही शेवटची असते हे लिहा, आणि तिच्या वर कुणाकुणाच्या असतात तेही लिहा. त्यांनी बोटांवर मोजून दाखवलं: इंजिन, एअरफ्रेम, इलेक्ट्रिकल, इन्स्ट्रुमेंट, रेडिओ, आर्मामेंट. मी क्रमानं लिहून घेतलं आणि त्यांनी चष्मा लावून तपासलं.