आधी राइट क्लिक, मग बॅग पॅक!

शुक्रवारी दुपारी ऑफिसात सगळ्यांचे हात जरा ढिले पडतात आणि नेमका तेव्हाच ग्रुपवर तो फोटो येऊन आदळतो. क्षितिजापर्यंत जांभळी फुलं, मागे धुकं आणि खाली एकच ओळ : 'कास, आत्ता! कोण कोण येतंय?' पाच मिनिटांत गाडी कुणाची, निघायचं किती वाजता, मिसळ कुठे खायची, सगळं ठरूनही जातं. सगळ्यांना प्रश्न विचारून झाले, फक्त फोटोला विचारायचं राहिलं. बाबा रे, तू मूळचा कुठला?

विचारणं एकदम सोपं आहे. फोटो सेव्ह करायचा आणि ब्राउझरमध्ये गूगल इमेजेस उघडून तिथल्या कॅमेऱ्याच्या चिन्हात टाकायचा. वेबसाइटवरचा फोटो असेल तर क्रोममध्ये राइट क्लिक करूनही गूगल लेन्सला विचारता येतं. लेन्स त्या फोटोसारखे दिसणारे फोटो शोधून देतं. टोरांटोच्या कंपनीचं टिनआय, २००८ पासूनचं, जरा वेगळं. ते त्याच फोटोच्या कॉपीज शोधतं आणि सगळ्यात जुनी कॉपी आधी दाखवायला सांगता येतं. भटक्यांसाठी हे बटण म्हणजे लाख मोलाचं! व्हॉट्सअ‍ॅपवरून आलेल्या फोटोतून तारीख आणि ठिकाणाची माहिती गळून पडलेली असते, त्यामुळे फाइल उघडून काही कळत नाही.

माझ्याकडे आलेला जांभळा 'कास' अशा शोधात निघाला थेट जपानचा, होक्काइडोतल्या फुरानोच्या लॅव्हेंडरच्या शेतांचा. नीट बघितलं तर फुलं चक्क रांगेत लावलेली. कासच्या कातळावर रांगा आखायला कोण जाणार?

खरं कास वेगळंच आहे, आणि माझ्या मते जास्त भारी. साताऱ्याहून यवतेश्वरचा घाट चढून पंचवीसेक किलोमीटर. २०१२ मध्ये युनेस्कोने पश्चिम घाटाला जागतिक वारसा जाहीर केलं, त्यात हे पठारही आलं. काळ्या सड्यावर मातीचा अगदी पातळ थर आणि तेवढ्यात हा सगळा संसार! पांढरे गेंद, गुलाबी तेरडा, पिवळी सोनकी लांबूनही दिसतात, पण सीतेची आसवं बघायची तर उकिडवं बसावं लागतं. नखाएवढं निळं-जांभळं फूल, आणि त्याची वनस्पती म्हणे किडे खाते! जपानचा फोटो डोक्यात घेऊन गेलेली मंडळी पार्किंगमधूनच 'एवढंच?' म्हणत परत फिरतात. जाम वाईट वाटतं. पठाराचं काही चुकलेलं नसतं हो.

फोटो कासचाच निघाला तरी आणखी एक प्रश्न उरतो : कधीचा? टोपली कारवीचा मोठा बहर सहसा सात वर्षांनी येतो. पठारभर कारवीचा फोटो पाहून तुम्ही उड्या माराल आणि टिनआयवर त्याची कॉपी तीन वर्षांपूर्वीची निघेल. मग यंदा तो नजारा मिळणं कठीणच. जुनी कॉपी सापडली की एवढं नक्की, फोटो त्या तारखेनंतरचा नाही.

कासला फार तर रविवार वाया जाईल. देवकुंडला हा 'कधीचा' प्रश्न जिवावर बेतू शकतो. रायगड जिल्ह्यात भिऱ्याहून जंगलातून चालत गेलं की हा धबधबा लागतो. हिरवट निळं, काचेसारखं पाणी असलेले त्याचे फोटो भन्नाट असतात, पण ते पाऊस ओसरल्यानंतरचे. भर जुलैत तेच कुंड गढूळ आणि खवळलेलं असतं, वाटेतले ओढे बघता बघता चढतात. पावसाळ्यात प्रशासनाने इथे बंदीचे आदेश काढलेत ते उगाच नाही. तेव्हा जुलैत कुणी 'आजचा देवकुंड' म्हणून निळं पाणी पाठवलं तर आधी राइट क्लिक!

अर्थात हे जादूचं यंत्र नाही. फोटो आडवा उलटा केला की ते कधी कधी गडबडतं. वर मोठ्ठं 'गुड मॉर्निंग' छापलं असेल तर ते कापून पुन्हा शोधावं. आणि काहीच सापडलं नाही म्हणून फोटो अस्सल, असंही नाही. २०२५ मध्ये मलेशियातलं एक वयस्कर जोडपं केबल कार बघायला गाडीने पेराक राज्यात तासन्‌तास प्रवास करून गेल्याची बातमी गाजली होती. तिथे केबल कारच नव्हती, व्हिडिओ एआयने बनवलेला! अशा वेळी व्हिडिओचा स्क्रीनशॉट काढून शोधायचा आणि त्याच जागेचे, वेगवेगळ्या लोकांनी वेगवेगळ्या दिवशी काढलेले फोटो मिळतात का ते बघायचं. एकाही टुरिस्टाचा हललेला, अंगठा मध्ये आलेला फोटो नाही? मग मला तरी शंका येते.

आणि आज ओढ्याला पाणी किती, बंदी आहे की उठली, हे कुठलंच ब्राउझर फोटोवरून सांगत नाही. त्यासाठी भिऱ्यात जेवण देणाऱ्या एखाद्या घरचा नंबर मिळवा आणि निघायच्या आदल्या संध्याकाळी फोन लावा. भाकरी किती जणांची, तेही तेव्हाच सांगून टाका.