ल मोर्नच्या कड्यावर

"त्यासाठी डोंगर कशाला चढतेस? बागेत लावलंय की ते!" कास्कावेलच्या काकांनी मराठीत सुरुवात करून क्रिओलमध्ये शेवट केला. पणजोबा कोकणातून उसाच्या मळ्यावर आले, तेव्हापासून हे घर मॉरिशसचं. गणपती तोंडावर आलेले. इथं चतुर्थीला देशभर सुट्टी असते, त्यामुळे घरात कामाची झुंबड होती आणि त्यात माझं हे फुलाचं खूळ.

पण कुंडीतलं फूल बघायला मी समुद्र ओलांडला नव्हता. ट्रोशेशिया बुटोनियाना हे मॉरिशसचं राष्ट्रीय फूल. देश प्रजासत्ताक झाला त्या दिवशी, 12 मार्च 1992 ला, त्याला हा मान मिळाला. एकोणिसाव्या शतकातले इथलेच वनस्पतिशास्त्रज्ञ लुई बुतों यांचं नाव त्याला आहे. लोक मात्र बुक्ल दोरेय, म्हणजे कानातलं, म्हणतात. रानात ते जगात एकाच जागी उगवतं: बेटाच्या नैऋत्य टोकाला, ल मोर्न ब्राबां या डोंगरावर.

तामारें, रिव्हिएर न्वार, ला गोलेत अशी गावं मागे टाकत रस्ता समुद्राकाठानं जातो. मग समोर 556 मीटर उंचीचा काळा कातळ उभा राहतो. बसॉल्टच तो, सह्याद्रीत भटकलेल्या माणसाला परका वाटू नये असा. मळ्यांवरून पळालेले गुलाम याच्या कपारींत लपत. 2008 मध्ये तो जागतिक वारसा ठरला तो त्यांच्यामुळे, फुलामुळे नव्हे. पण माणसाला जिथं सहज पोचता येत नाही, तिथं ऊसही लावता येत नाही. बेटावरचं मूळचं जंगल आता नावापुरतंच उरलंय. हे झुडूप वाचलं त्याचं निम्मं श्रेय तरी कड्याला द्यायला हवं.

सुरुवातीची वाट रुंद आणि सोपी. दोन्ही बाजूंना घाणेरी माजलेली. तिनं इथंही पिच्छा सोडला नाही म्हणून मी चरफडले. पुढे वाट संपते आणि हातांचं काम सुरू होतं. वारा असा की टोपी पिशवीतच ठेवावी लागली. एका खडकाला धरून मी दम खात होते, तेव्हा वाटाड्यानं डोक्यावर बोट दाखवलं.

झुडूप पुरुषभर उंचीचं. पानं जाडसर, पाठीमागून पांढुरकी लव असलेली. फूल खाली मान घालून लोंबणारं, गडद लाल घंटेसारखं. कडेला रेलून मी आत डोकावले. तळाशी मध साचला होता, आणि तो तांबूस होता. फुलांतला मध बहुतेक बिनरंगी असतो. रंगीत मधाची फुलं जगात फार थोडी, त्यातली काही याच बेटावरची.

रंग कशासाठी? इथल्या दिवसा हिंडणाऱ्या, हिरव्यागार अंगावर लाल ठिपके असलेल्या पाली फुलांतला मध चाटतात आणि पराग इकडून तिकडे नेतात. 2006 मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगात बनावट फुलांमध्ये साधा आणि रंगीत मध ठेवला, तेव्हा पालींनी रंगीत पसंत केला. आपल्याकडे पाल अंगावर पडली की आंघोळ करतात. इथं तिच्यावाचून फुलाचा वंश अडतो! तशी एक शेजारच्या कातळावर ऊन खात बसलीही होती. देखणी होती, हे कबूल करायला मला जरा वेळ लागला.

ट्रोशेशिया भेंडी-कापसाच्या कुळातली, म्हणजे आपल्या जास्वंदीचीही नातलग. जास्वंदीची एक सख्खी बहीणही या कड्यांवर राहते, मांद्रिनेत नावाची. मॉरिशसमध्ये ल मोर्न आणि कोर द गार्द या दोनच डोंगरांवर तिची मोजकी झाडं तग धरून आहेत. बाहेरून आलेली झाडं तिची जागा बळकावतात, हे तर झालंच. शिवाय बागेतल्या जास्वंदीशी तिचा चटकन संकर होतो आणि अस्सल वाण पातळ होत जातो. गणपतीला आपण हौसेनं वाहतो, तीच ही जास्वंद. मला ते ऐकून उगाच अपराधी वाटलं.

मांद्रिनेत काही दिसली नाही. उतरल्यावर पायथ्याशी एका कुंपणाला तांबडी जास्वंद लगडलेली होती. हिचं काय करायचं, असं मी वाटाड्याला विचारलं. त्यानं खांदे उडवले. "मालकाला विचारा. त्याला ती स्वस्त पडते, आणि पाहुणे तिच्यापाशी उभे राहून फोटो काढतात."