सोलेशियम म्हणजे सांत्वन?

माणसांप्रमाणे शब्दांनाही वार्धक्य येते. एके काळी लोकांच्या ओठांवर खेळणारे शब्द कालांतराने शब्दकोशाच्या पानांत विसावतात आणि तेथून सहसा बाहेर पडत नाहीत. काही थोड्या शब्दांचे नशीब मात्र वेगळे असते. स्वतःच्या घरात ते विस्मृतीत जातात आणि दूरदेशी कुठल्यातरी खेड्यात नव्याने जगू लागतात. इंग्रजीतील ‘सोलेशियम’ हा असाच एक शब्द आहे. स्कॉटलंडच्या न्यायालयांत तो अजून वावरतो, जखमी माणसाच्या यातनांपोटी आणि दुखावलेल्या मनापोटी मिळणाऱ्या रकमेला तेथे हेच नाव आहे. परंतु एरवीच्या इंग्रजी बोलण्यात किंवा लिहिण्यात तो आढळत नाही. आमच्या मुळशी तालुक्यात मात्र पौडच्या बाजारात, चहाच्या टपरीवर, एस.टी.च्या थांब्यावर तो सहज कानी पडतो. “तुमच्या गटाला सोलेशियम किती बसलं?” असा प्रश्न एक शेतकरी दुसऱ्याला विचारतो, आणि दोघांनाही त्या शब्दाच्या कुळाची विचारपूस करण्याचे कारण पडत नाही.

सेमिनरीत लॅटिनचे धडे गिरवलेल्या माझ्यासारख्याला मात्र हा शब्द ऐकला की थबकायला होते. कारण तो मुळात लॅटिन आहे. ‘सोलारी’ म्हणजे सांत्वन करणे, धीर देणे. त्यापासून ‘सोलाकियुम’ हे नाम झाले. मध्ययुगीन लेखनिकांच्या हातून त्यातील एक अक्षर बदलले आणि ‘सोलातियुम’ असे रूप रूढ झाले. या एकाच धातूपासून इंग्रजीला तीन भावंडे मिळाली. ‘सोलेस’ हे पहिले भावंड कवींच्या घरी गेले. ‘कन्सोलेशन’ हे दुसरे देवळात आणि दुखवट्याच्या घरी वावरू लागले. पवित्र मरियेला आपण लॅटिन लितानीत दुःखितांचे सांत्वन करणारी म्हणतो, तेव्हा हेच भावंड आपल्या ओठी असते. तिसरे भावंड म्हणजे ‘सोलेशियम’. ते वकिलांच्या घरी दत्तक गेले आणि तेथे त्याचा अर्थ झाला पैसा. पण साधा पैसा नव्हे, तर ज्या हानीची किंमत करता येत नाही तिच्यापोटी द्यावयाचा पैसा. त्या शब्दात असलेला हा अंतर्विरोध त्याच्या जन्मापासूनचा नाही, तो दत्तकघरचा आहे.

जमिनीशी त्याची गाठ कशी पडली, हा इतिहास मनोरंजक आहे. इंग्लंडमध्ये रेल्वेचे जाळे विणले जाऊ लागले, तेव्हा १८४५ च्या एका कायद्याने सक्तीच्या भूसंपादनाचे नियम एकत्र केले. जमिनीचे मूल्य ठरवताना मूल्यांकन करणारे लोक बाजारभावावर सुमारे दहा टक्के अधिक धरत. घेणारा सक्तीने घेतो आहे, देणाऱ्याची इच्छा नाही, म्हणून हा अधिकचा वाटा, असा त्यामागील न्याय होता. १९१९ साली तेथील संसदेने ही प्रथा बंद केली. आपल्याकडे मात्र इंग्रज सरकारनेच १८९४ च्या भूसंपादन कायद्यात बाजारभावावर पंधरा टक्के अधिक रक्कम देण्याची तरतूद करून ठेवली होती. त्या कलमात ‘सोलेशियम’ हा शब्द नव्हता. संपादनाच्या सक्तीपोटी ही रक्कम द्यावी, एवढेच म्हटले होते. त्या रकमेचे हे बारसे वकिलांनी आणि न्यायमूर्तींनी केले. पुढे १९८४ मध्ये पंधराचे तीस टक्के झाले. २०१३ च्या नव्या कायद्याने, जो १ जानेवारी २०१४ पासून अमलात आला, या शब्दाला कलमात मानाचे स्थान दिले आणि ही रक्कम मोबदल्याच्या शंभर टक्के केली. म्हणजे जेवढा मोबदला, तेवढेच सांत्वन!

मुळशीच्या मातीला या हिशेबाची ओळख शंभर वर्षांपूर्वीच झाली. मुळा आणि नीला या नद्यांच्या संगमाजवळ टाटा कंपनीने वीजनिर्मितीसाठी धरण बांधावयास घेतले, तेव्हा पन्नासच्या आसपास गावांवर बुडण्याची पाळी आली. १६ एप्रिल १९२१ रोजी, रामनवमीच्या दिवशी, मावळ्यांनी सत्याग्रह आरंभला. विनायकराव भुस्कुटे, शंकरराव देव आणि पांडुरंग महादेव बापट हे त्याचे अग्रणी. बापटांना ‘सेनापती’ ही पदवी मुळशीनेच दिली. ‘जान किंवा जमीन’ ही त्या लढ्याची घोषणा होती. १९२४ च्या अखेरीस लढा संपला, धरण पूर्ण झाले, आणि मुळेचे पाणी सह्याद्री उतरून कोकणातील भिरा येथे वीज निर्माण करू लागले. राज्यशास्त्राचे अभ्यासक राजेंद्र व्होरा यांनी या सत्याग्रहावर ग्रंथ लिहून त्याला जगातील पहिला धरणविरोधी लढा म्हटले आहे.

या इतिहासातील एक गोष्ट आपल्या विषयाच्या दृष्टीने फार महत्त्वाची आहे. बुडणाऱ्या जमिनींपैकी बरीचशी जमीन कर्जापायी पुण्यातील सावकारांच्या नावे झालेली होती. मावळा ती कसत होता, पण कागदावर धनी दुसराच होता. सावकारांना जमीन म्हणजे गुंतवणूक. तिचे रोख पैसे होत असतील तर त्यांची तक्रार उरत नव्हती. मोबदला कागदाच्या मागे जातो, आणि कायद्याने ठरवलेले पंधरा टक्के सांत्वन मोबदल्याच्या मागे जाते. म्हणजे ज्याचे मन जमिनीत गुंतलेलेच नव्हते, त्याला सांत्वनाची रक्कम. आणि ज्याचे घर, चूल आणि पूर्वजांची थडगी पाण्याखाली जाणार होती, त्याच्या वाट्याला फारसे काही नाही! शून्याचे शंभर टक्के केले तरी शून्यच होतात. आजच्या कायद्याने कुळे, भूमिहीन मजूर यांनाही बाधित कुटुंब मानून पुनर्वसनाचे हक्क दिले आहेत, ही निश्चितच मोठी सुधारणा आहे. तरीही सोलेशियम मोजले जाते ते मोबदल्यावर, डोळ्यांतील पाण्यावर नव्हे.

शासकीय मराठीने या शब्दाला ‘दिलासा रक्कम’ असे नाव दिले आहे. हे भाषांतर करणारा कोणी अनामिक कारकून असेल, पण त्याने मोठे काम केले, असे मला वाटते. कारण जमिनीच्या व्यवहारातील आपले तीन शब्द एकमेकांशेजारी ठेवून पाहावेत. ‘मोबदला’ हा मूळ अरबी शब्द. त्यात अदलाबदल आहे, एक वस्तू द्यावी आणि दुसरी घ्यावी. ‘भरपाई’ हा आपला शब्द. त्यात पडलेला खड्डा भरून काढण्याची कल्पना आहे. ‘दिलासा’ हा फारसीतून आला. त्यात ‘दिल’ आहे, अंतःकरण आहे. पहिले दोन शब्द जमिनीविषयी बोलतात, तिसरा माणसाविषयी बोलतो. कायद्याच्या रूक्ष भाषेने येथे नकळत एक कबुली दिली आहे, की जमीन घेतली जाते तेव्हा अंतःकरणालाही काही होते.

आमच्या देवळात येणाऱ्या एका कुटुंबाच्या शेजारी एक वृद्ध शेतकरीण राहते. तिची दोन एकर जमीन एका रस्त्यासाठी जाणार होती. मुलांनी मला घरी बोलावले, ते आईला कागद समजावून सांगण्यासाठी. ‘फादर सांगतील तर ऐकेल,’ असा त्यांचा भाव. मी कागद वाचला. त्यात विहीर एक, आंब्याचे झाड एक, अशी नोंद होती, त्यांची किंमत होती, आणि शेवटी शंभर टक्के दिलासा रक्कम होती. आजींनी शांतपणे ऐकून घेतले आणि विचारले, “फादर, शंभर टक्के दिलासा म्हंजी माजं दुखणं समदं जानार का?” मुलगा हसला. मी हसू शकलो नाही. “नाही आजी,” मी म्हणालो, “पैशाने तेवढे होत नाही. सरकार एवढेच म्हणते की तुमचे दुखले, हे आम्हांला ठाऊक आहे.” आजी थोडा वेळ गप्प राहिल्या. मग म्हणाल्या, “थोरला झाला त्या साली मालकांनी त्यो आंबा लावला. ठाऊक हाय म्हनता, तर येऊन बघून जावा म्हनावं.”

त्या बाईने एका वाक्यात जे सांगितले, ते पवित्र शास्त्राने अनेक ठिकाणी सांगितले आहे. राजांच्या पहिल्या पुस्तकात नाबोथाच्या द्राक्षमळ्याची कथा आहे. अहाब राजाने काही प्रथम जुलूम केला नाही. त्याने नाबोथाला याहून चांगला मळा देऊ केला, नको असल्यास रोख किंमत देऊ केली. आजच्या भाषेत बोलायचे तर राजाचा प्रस्ताव बाजारभावाहून सरस होता. परंतु नाबोथाच्या लेखी ते वाडवडिलांचे वतन होते, विकण्याची वस्तू नव्हती. राजाला तो नकार समजलाच नाही, आणि त्या न समजण्यातून पुढे खोटे साक्षीदार आणि निरपराध माणसाचा खून घडला. ईयोबाच्या ग्रंथात सांत्वन करण्यास आलेले मित्र आहेत. पहिले सात दिवस ते त्याच्याजवळ जमिनीवर मुकाट बसले, तोवर ते खरे मित्र होते. त्यांनी तोंड उघडून हिशेब मांडावयास सुरुवात केली, तेव्हा ईयोबाला त्यांचे सांत्वनच ओझे वाटू लागले.

याउलट प्रेषितांच्या कृत्यांत योसेफ नावाचा कुप्र बेटावरचा एक लेवी भेटतो. त्याने आपले शेत विकले आणि पैसे आणून प्रेषितांच्या चरणांशी ठेवले. प्रेषितांनी त्याला ‘बर्णबा’ हे नाव दिले, आणि संत लूक त्याचा अर्थ देतो : सांत्वनाचा पुत्र. शेत, पैसा आणि सांत्वन ही तीन पदे येथेही एकत्र आली आहेत. पण येथे सक्ती नाही, स्वेच्छा आहे. सांत्वन शेताच्या किमतीत नव्हते, ते देणाऱ्या माणसात होते. म्हणूनच नाव रकमेला मिळाले नाही, माणसाला मिळाले.

हे सारे आपणांस, म्हणजे देवळात येणाऱ्या कुटुंबांना, कशासाठी सांगावयाचे? जमिनीचा प्रश्न आपल्यालाही परका नाही. वसईच्या हरित पट्ट्यासाठी फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांच्यासह आपले लोक रस्त्यावर उतरले होते, याचे स्मरण अनेक वाचकांना असेल. आणि जमीन गेल्यावर जे पैसे घरात येतात, त्यांनी किती घरे दुभंगतात, हे प्रत्येक धर्मगुरू जाणतो. निवाड्याची रक्कम बँकेत जमा होते आणि सख्खे भाऊ एकमेकांशी बोलेनासे होतात. बहिणीला सणाला बोलावतात आणि जेवण झाल्यावर हक्कसोड पत्रावर सही मागतात. वस्तुतः आपल्या ख्रिस्ती कुटुंबांना लागू असलेला १९२५ चा भारतीय वारसा कायदा मृत्युपत्र नसेल तेव्हा मुलगा आणि मुलगी यांत भेद करीत नाही. तरीही ‘तुझे लग्न केले ना’ असे म्हणून बहिणीचा वाटा गिळणारे पुढच्या रविवारी ख्रिस्तप्रसादासाठी रांगेत उभे असतात. अशा घरात शंभर टक्के दिलासा येऊनही दिलासा कुणालाच मिळत नाही. जक्कयाच्या घरी तारण आले, ते त्याने चौपट परत देण्याचे वचन दिले तेव्हा. आणि ते त्याने कोणत्याही कायद्याने भाग पाडले म्हणून दिले नव्हते.

योहानाच्या शुभवर्तमानात प्रभू येशू आपल्या शिष्यांना पवित्र आत्म्याचे वचन देतो, तेथे मूळ ग्रीक शब्द ‘पाराक्लेतोस’ आहे. हाकेसरशी बाजूला येऊन उभा राहणारा, असा त्याचा अर्थ. काहींनी त्याचे भाषांतर ‘सांत्वनकर्ता’ असे केले. आपल्या जुन्या मराठी भाषांतरकारांनी मात्र ‘कैवारी’ हा शब्द निवडला. मला तो शब्द अतिशय प्रिय आहे. कैवारी केवळ डोळे पुसत नाही, तो आपली बाजू घेतो. सांत्वन आणि बाजू घेणे ही दोन कामे एकाच आत्म्याची आहेत, हे मराठी ख्रिस्ती भाषेने फार पूर्वीच ओळखले होते.

दुःखितांचे सांत्वन करणे हे ख्रिस्तसभेने आत्मिक दयाकृत्यांत गणले आहे. ते कृत्य सरकारवर सोपवता येत नाही. सरकारने मोजावी ती रक्कम मोजावी, आणि ती पुरेपूर, योग्य माणसाच्या हाती पडावी यासाठी आपण कागद वाचून दाखवावेत, कचेरीत सोबत जावे, कुळाच्या आणि बहिणीच्या बाजूने चार शब्द बोलावेत. आणि ते सारे उरकल्यावर, ज्या शेताचा रस्ता होणार आहे, त्या शेतावर एकदा जावे. आंबा पाहावा. तो कोणी लावला हे विचारावे आणि सांगणाऱ्याचे शेवटपर्यंत ऐकावे. ‘सोलारी’ या क्रियापदाचा मूळचा अर्थ तेवढाच आहे.