कोआच्या रानातून समुद्राकडे

हवाई बेटावरील मौना केआ पर्वताच्या माथ्याजवळ, 3,500 मीटरांहून अधिक उंचीवर, केआनाकाकोई ही दगडाची प्राचीन खाण आहे आणि हवाईची पारंपरिक होडी, म्हणजे ‘वआ’, समजून घेऊ पाहणाऱ्या प्रवाशाने किनाऱ्याआधी इथेच यावे. बर्फाखाली उसळून झपाट्याने थिजलेल्या लाव्हाचा हा बेसॉल्ट अतिशय घट्ट असल्याने त्याच्या पात्यांचे वाकस, म्हणजे लाकूड तासण्याची हत्यारे, बनवत आणि त्यांनीच होड्या कोरल्या जात.

पूर्वेकडील उतारावर हाकालाऊच्या अभयारण्यात कोआ वृक्षांचे रान लागते. होडीसाठी झाड निवडताना ‘काहुना कालाई वआ’, म्हणजे होडी घडवण्याचे शास्त्र आणि विधी दोन्ही जाणणारा तज्ज्ञ, एलेपायो या चिमुकल्या पक्ष्याकडे लक्ष ठेवी, कारण होडीकारांची देवी लेआ त्याच्या रूपाने येते अशी श्रद्धा होती. पक्षी आडव्या बुंध्यावर टोचू लागला, तर लाकूड किडलेले मानून ते सोडून दिले जाई. पक्षी किडेच खातो, त्यामुळे या श्रद्धेत पिढ्यांचे निरीक्षणही मुरलेले दिसते. ओबडधोबड कोरलेले खोड मग अनेक माणसे दोरांनी ओढत समुद्राकडे नेत, आणि तिथे कोकणातल्या होडीसारखीच समतोलासाठी उलांडी, म्हणजे बाजूचा तरंगता ओंडका, नारळाच्या काथ्याने त्याला बांधली जाई.

ओआहू बेटावरील कुआलोआच्या किनाऱ्यावर 8 मार्च 1975 रोजी ‘होकूलेआ’ ही जोडहोडी पाण्यात उतरली. हवाईकरांसारखे पॉलिनेशियन लोक ठरवून दूरची बेटे गाठू शकत नव्हते, असे इतिहासकार अँड्र्यू शार्प यांनी 1956 मध्ये मांडले होते. पण 1976 मध्ये सातावल बेटाचे दर्यावर्दी माउ पिआइलुग यांनी तारे आणि लाटा वाचत, एकही उपकरण न वापरता, होकूलेआला ताहितीपर्यंत नेले. हवाईच्या लोकांसाठी तो हिरावलेला स्वाभिमान परत मिळण्याचा क्षण होता.

होकूलेआ मात्र आधुनिक साहित्याची होती. 1990 नंतर अस्सल लाकडाची ‘हवाईलोआ’ घडवायचे ठरले, तेव्हा पुरेसे मोठे आणि निरोगी कोआ मिळेनात. याचे कारण जुने होते: 1793 मध्ये कॅप्टन व्हँकुव्हर यांनी कामेहामेहा राजाला गुरे भेट दिली, राजाने ती मारण्यास मनाई केली, आणि मोकाट वाढलेल्या कळपांनी कोआची रोपे उगवताच फस्त केली. पुढे तोडीनेही राने विरळ झाली. होडी हरवली होती ती आधी रानात. अखेर आग्नेय अलास्कातील आदिवासींनी सुमारे 400 वर्षे वयाच्या स्प्रूस वृक्षांची दोन खोडे दिली आणि 1995 मध्ये हवाईलोआ त्यांचे आभार मानण्यासाठी तेथील गावोगावी गेली.