पाण्याची पाळी

आम्ही लेहला उतरलो तेव्हा जुलैचा शेवटचा आठवडा होता. गावाकडे, रत्नागिरी जिल्ह्यात, पागोळ्या धो धो गळत होत्या. इथे आभाळ निळेशार आणि कोरडे. सुमारे ३,५०० मीटर उंचीवरच्या या शहरात वर्षभरात मिळून १०० मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो. कोकणात एवढा पाऊस एका रात्रीत पडून जातो. तरीही उघड्याबोडक्या डोंगरांच्या पायथ्याशी हिरवी शेते होती. हे पाणी येते कुठून, ते आम्हाला कळले लेहपासून अर्ध्या तासावरच्या एका गावात. तिथे एका लडाखी मुस्लिम कुटुंबाकडे आम्ही उभयता आणि मुले चार दिवस राहिलो.

घरातल्या आजोबांना सगळे ‘मेमे-ले’ म्हणत आणि सुनेला ‘आचे-ले’. ‘ले’ म्हणजे आपल्याकडचा ‘जी’. घरामागे परसबाग होती. तिच्यात गाजर, सलगम, मुळा, बटाटे. जमिनीखाली वाढणाऱ्या भाज्याच जास्त का, असे विचारल्यावर आचे-लेंनी अंगणातला खोल खड्डा दाखवला. हिवाळ्यात बाहेर सगळे गोठते, पण त्या खोलीवर माती गोठत नाही. ऑक्टोबरात भरलेली गाजरे आणि सलगम तिथे वसंतापर्यंत टिकतात. पालेभाजी सुकवून ठेवता येते, ताजी चव मात्र या खड्ड्यातच मिळते.

पाणी येते वरच्या बर्फातून. रात्री ओढ्याचे पाणी तळ्यात साठवतात. तळ्याला ‘झिंग’ आणि पाटाला ‘युरा’ म्हणतात. मेमे-लेंनी आम्हाला आधी ओढ्यात आणि मग तळ्यात हात घालायला लावला. ओढ्यात बोटे बधिर झाली, तळ्यातले पाणी सोसवले. “बर्फाचे पाणी थेट मुळांना दिले की माती गारठते, वाढ थांबते. ऊन लागू द्यायचे, मग सोडायचे,” ते म्हणाले.

मुळांच्या भाज्यांना पाणी देण्याची रीतही त्यांनी सांगितली. गाजराचे बी थंड मातीत वर यायला दोन-तीन आठवडे घेते. तोवर वरची माती सुकू द्यायची नाही. रोप धरले की मात्र रोज थोडे थोडे शिंपडायचे नाही, पाळीला खोलवर भिजवायचे. वरच्या वर ओल मिळाली तर मूळ खाली कशाला जाईल? पाण्याची ओढ बसली की मुळा तिखट आणि भेंडाळ होतो. गाजर तहानलेले असताना एकदम भरपूर पाणी दिले तर ते उभे फाटते.

पाणी कोणाला कधी, हे गावाने नेमलेला माणूस ठरवतो. त्याला ‘छुरपोन’ म्हणतात. गावात मुस्लिम घरे थोडी, बौद्ध घरे जास्त. पाळी सगळ्यांना एकाच हिशेबाने. आमच्या यजमानांची पाळी दुसऱ्या दिवशी, ऊन चढल्यावर होती.

मेमे-लेंनी फावड्याने मातीचा बांध फोडला आणि सलगमाच्या वाफ्यात पाणी घेतले. “हा भरला की गाजराकडे वळवा,” असे आम्हाला सांगून ते वासराला बघायला गेले. तेवढ्यात आचे-लेंनी लोण्याचा खारट चहा आणला. आम्ही बोलत बसलो. पाणी सलगमाचा वाफा भरून पायवाटेवर कधी गेले, ते कळलेच नाही. मुलांनी ओरडून सांगितले तेव्हा घाईघाईने बांध वळवला. गाजराचा अर्धा वाफा भिजला असेल, तोच खालच्या शेतातल्या बौद्ध आजी फावडे घेऊन पाटाशी येऊन बसल्या. त्या काहीही बोलल्या नाहीत. मेमे-लेंनी झाडाच्या सावलीकडे पाहिले आणि पाणी खाली सोडून दिले.

“थोडे थांबायला सांगू या का? चूक आमची आहे,” आम्ही म्हणालो.

“चूक तुमची, मग कमी तिने का घ्यावे?” ते म्हणाले. मग त्यांनी हजरत झुबैर (रजि.) यांची हकीकत सांगितली. मदीन्यात पाटाच्या पाण्यावरून त्यांचा एका अन्सारी शेजाऱ्याशी तंटा झाला, तेव्हा प्रेषित (स.) यांनी सांगितले की आधी तुमची बाग भिजवा आणि मग पाणी शेजाऱ्याकडे सोडा. सहीह बुखारीतला हा प्रसंग आम्ही पूर्वी वाचला होता, पण पाटाच्या काठी उभे राहून कधी ऐकला नव्हता.

पुढची पाळी आठ दिवसांनी होती. त्या रात्री आम्हाला आमचीच लाज वाटली. लेहच्या हॉटेलात आम्ही दिवसातून दोनदा अंघोळ केली होती, वुजू करताना नळ वाहता ठेवला होता. उरलेले दिवस आम्ही एका बादलीत भागवले. वुजूचे आणि भाजी धुतलेले पाणी घमेल्यात जमवून मुले त्या कोरड्या ओळीला घालत. ते पुरणार नव्हते, हे मेमे-लेंना ठाऊक होते. त्यांनी मुलांना अडवले नाही.

लडाखमध्ये खरी अडचण एप्रिल-मे महिन्यांत येते. पेरणीची वेळ होते, पण उंचावरचे बर्फ वितळलेले नसते. म्हणून चेवांग नॉर्फेल या अभियंत्यांनी १९८७ पासून गावांच्या जवळ, कमी उंचीवर हिवाळ्याचे पाणी अडवून गोठवायला सुरुवात केली. तिथले बर्फ लवकर वितळते. २०१५ साली त्यांना पद्मश्री मिळाली. सोनम वांगचुक यांनी २०१३-१४ च्या हिवाळ्यात उभारलेला बर्फाचा स्तूपही याच गरजेतून आला. पाणी वाढवण्याचे हे प्रयत्न मोठेच आहेत. पण आलेले पाणी शेवटच्या शेतापर्यंत पोहोचते ते वेळेवर बांध घालणाऱ्या हातांमुळे.

ऑक्टोबरात आचे-लेंचा फोन आला. खड्डा भरला होता. आम्ही भीत भीत त्या वाफ्याचे विचारले. अर्धी गाजरे फाटली होती. “फाटलेली टिकत नाहीत, म्हणून आधी तीच खाल्ली. खालच्या आजींनाही दिली,” त्या हसून म्हणाल्या. “पुढच्या वर्षी या. बांध तुम्हीच धरा, पण चहा नंतर मिळेल.”